जबडेने स्वतःसाठी केलेली कवळी

आमच्या गल्लीत कुणाचे दात खरे आणि कुणाचे विकतचे, हे पक्कं ठाऊक असलेला एकच माणूस होता आणि नेमका तोच तोंड उघडत नसे. माझ्यासारख्या माणसाला याचा किती जाच होत असेल, कल्पना करा. समोरासमोर घरं, खिडकीसमोर खिडकी, आणि एवढा मोठा खजिना त्या माणसाच्या फळ्यांवर नुसता धूळ खात पडलेला.

तो कवळ्या बनवायचा. दाताचे डॉक्टर लोकांच्या तोंडाची मापं घेऊन त्याच्याकडे पाठवायचे, तो त्यात प्लास्टर ओतून जबडा तयार करायचा, त्यावर मेणात दात मांडायचा, मग मेणाच्या जागी गुलाबी हिरडी शिजवून, घासून, चकाकी आणून डब्यात घालून परत पाठवायचा. तो प्लास्टरचा जबडा मात्र स्वतःकडे ठेवायचा. का ठेवायचा, तर कवळी कधी तुटली तर उपयोगी पडतो म्हणून. पण तुटून किती तुटणार? खाली सलून, वर त्याच्या दोन खोल्या, आणि पुढच्या खोलीत जमिनीपासून छतापर्यंत जबडेच जबडे. प्रत्येकाच्या बुडाशी पेन्सिलीने नाव. आम्ही त्यालाही जबडेच म्हणायचो, जणू आडनावच. खरं आडनाव टपालवाल्याला तेवढं माहीत असावं.

"अरे, ती बँकेतली बाई," मी त्याला सलूनमध्ये सकाळच्या चहाला गाठायचो, "ती हसते ते स्वतःच्या दातांनी की तुझ्या?"

"तू तुझा चहा पी."

"बरं, नाव नको सांगूस. नुसती मान हलव."

"हिरड्या सगळ्यांच्या सारख्याच असतात," तो म्हणायचा. एवढ्यावर माझी बोळवण.

लग्न केलं नाही त्याने. तरुणपणी एकीशी जमत आलं होतं म्हणे, पण ती हसली की हा तिच्या तोंडाकडे असा टक लावून बघायचा की तिने हसणंच सोडलं, आणि मग येणंही सोडलं. हे मला त्याच्या ताईने सांगितलं. ताई म्हणजे त्याची थोरली बहीण, शहराच्या दुसऱ्या टोकाला एकटी राहणारी. आई लवकर गेली, तेव्हा याला वाढवलं तिनेच. तिचं सगळं आयुष्य टेलिफोन एक्स्चेंजमध्ये गेलं. कानाला यंत्र लावून बसायची आणि पलीकडच्याने नुसतं "हॅलो" म्हटलं की त्याला ताप आहे, की बायकोशी भांडून आलाय, ते ओळखायची. ऐंशी ओलांडली तरी कान तसाच तिखट होता. दर रविवारी सकाळी तिचा याला फोन यायचा. याच्या आठवड्यात दुसरं माणूस म्हणाल तर मी आणि खालचा सलूनवाला. बाकी सगळे जबडे.

आता तो नाही, म्हणून हे सांगायला हरकत नाही. "मी गेल्यावर काय ते सांग लेका, तोवर धीर धर," अशी त्याची रीतसर परवानगी आहे.

गेल्या वर्षी आधी त्याचे कपडे मोठे झाले. पट्ट्याला नवीन भोक पाडून घेतलं, मग आणखी एक. मी म्हटलं, "काय रे, बारीक होऊन कुणाला दाखवायचंय?" तो हसला. कुठल्या तरी इस्पितळात चार-पाच वेळा जाऊन आला, विचारलं तर म्हणाला पोट बिघडलंय. प्रत्यक्षात डॉक्टरने त्याला समोर बसवून सगळं नीट समजावलं होतं. पोटातलं आता काढण्यासारखं राहिलं नाही, औषधाने दुखणं आवरता येईल, आणि काही महिने. किती महिने, ते डॉक्टरने सांगितलं नाही आणि याने विचारलं नाही.

त्याने काय केलं, तर साफसफाई काढली. मेलेल्यांचे जबडे आधी. इतकी वर्षं त्याने ते ठेवले होते, आता एकेक खाली काढून नाव वाचायचा, पोत्यात टाकायचा. एक पोतं जिना उतरताना फाटलं आणि भर रस्त्यावर वीस-पंचवीस तोंडं घरंगळली. सफाईवाली झाडू टाकून मागे सरली.

"बाबा, हे माणसांचं आहे की काय?"

"माणसांचंच. पण घाबरू नका, माणसं आधीच पुढे गेलीत."

आम्ही सगळे हसलो. मला वाटलं, म्हातारा आवराआवर करतोय, बरं आहे. नंतर त्यालाही तेव्हा तसंच वाटत होतं असं तो म्हणाला. आपण तयार आहोत. कागद नीट लावले, कपाट रिकामं केलं, डॉक्टरांकडून नवीन काम घेणं बंद केलं. आता नुसतं बसायचं आणि वाट बघायची. इतकं सोपं असेल तर लोक उगाच घाबरतात, असंही त्याच्या मनात आलं म्हणे.

पण मग त्याची वरची कवळी पडायला लागली.

त्याचे स्वतःचे दात पन्नाशीतच गेले होते. ज्याच्या हाताखाली तो काम शिकला त्या म्हाताऱ्या उस्तादाने त्याला कवळी करून दिली होती, आणि ती इतकी वर्षं अशी बसली होती की मलासुद्धा पत्ता नव्हता. मला! आता अंग उतरलं तशी हिरडीही उतरली, आणि वरची कवळी बोलता बोलता सटकायची. घास चावताना उलटायची. त्याने सलूनमधला सकाळचा चहा बंद केला. म्हणाला, तोंड आलंय. दुधात पाव बुडवून, खिडकी लावून एकटाच खायचा. मी खिडकीतून हाका मारल्या तर हात हलवायचा, बोलायचा नाही. भाजीवालीशी खुणांनी व्यवहार.

आणि रविवारचा फोन त्याने उचलणं सोडलं.

का, ते उघड आहे. ताईच्या कानाला पहिल्या शब्दात कळलं असतं की काहीतरी बिनसलंय, आणि मग तिने ते त्याच्या तोंडून ओढून काढलं असतं, अर्धवट, टकटकणाऱ्या कवळीतून. तसं त्याला नको होतं. जन्मभर जिने आपलं सगळं केलं तिला ही गोष्ट आपण समोर बसून, नीट, एका दमात सांगायची, एवढंच त्याच्या मनात उरलं होतं. तो आरशासमोर उभा राहून सराव करायचा. "ताई, माझे आता फार दिवस नाहीत." 'फार'ला कवळी खाली यायची. कवळी काढून म्हणून बघितलं, तर त्याचं त्यालाच हसू आलं. असल्या बोळक्यातून आलेल्या बातमीवर कोण विश्वास ठेवणार?

दोन रविवार गेल्यावर ताईने सलूनवाल्याला फोन केला. सलूनवाला चाळिशीचा, जाडजूड, आम्हा दोघांनाही काका म्हणणारा.

"वर जाऊन त्याला सांग," ती म्हणाली, "की मी अजून जिवंत आहे. विसरला असेल तर."

निरोप ऐकून जबडेने काय केलं, तर नुसती मान हलवली आणि दार लावलं.

नवी कवळी करायची तर माप हवं. माप घ्यायला दुसऱ्याचा हात लागतो. तोंड आपलं आणि हातही आपलाच, हे जमत नाही, आणि हे त्याच्याइतकं कुणाला माहीत? पण ओळखीच्या दाताच्या डॉक्टरकडे जायचं म्हणजे गळ्याजवळची हाडं त्याला दिसणार, तो विचारणार. "एका डॉक्टरला कळलं की संध्याकाळी तुला कळलं," हे त्याचं मला दिलेलं स्पष्टीकरण.  शिवाय मापाची ती मऊ, रबरासारखी होणारी पावडर डॉक्टरकडे असते, याच्याकडे नव्हती. याच्याकडे पोतंभर प्लास्टर. उस्ताद सांगायचे की त्यांच्या तरुणपणी तोंडात प्लास्टर घालूनच माप घ्यायचे. झालं. ज्याने आयुष्यात हजारो मापं हाताळली पण कुणाच्या तोंडात कधी बोट घातलं नाही, अशाच माणसाला सुचावं असं ते सुचणं होतं.

सकाळी अकराचा सुमार. मी सलूनच्या खुर्चीत, अर्ध्या गालावर फेस. सलूनवाला मला गल्लीतल्या एका घटस्फोटाची हकीकत सांगत होता आणि ऐन रंगात आला होता. एवढ्यात वर धाडकन खुर्ची पडली, जिन्यावर धडधड झाली, आणि दारात जबडे.

डोळे बाहेर आलेले, चेहरा लाल, हनुवटीवर पांढरे ओघळ, आणि ओठांमधून माप घ्यायच्या पत्र्याच्या साच्याची मूठ बाहेर आलेली, कुणी तोंडात डाव कोंबावा तशी. बोलता येईना. दोन्ही हातांनी तोंडाकडे बोट दाखवतोय आणि नाकातून भाता चालवतोय.

मऊ प्लास्टर होतं ते शिळं, म्हणून त्याने जबडे ओतायचं कडक प्लास्टर घेतलं होतं. त्यातून टाळूला तेलाचा हात द्यायचा विसरला. औषधांनी तोंड कोरडं ठाक. प्लास्टर घट्ट होताना तापतं. ते तापायला लागलं, टाळू भाजायला लागली, मूठ ओढली तर हलेना. मागे घशाकडे थोडं उतरलं आणि उमासे यायला लागले. नळाखाली तोंड धरून त्याने ओढलं, आरशात बघितलं, आणि त्याच्या मनात आलं की आपण आत्ताच मरणार. काही महिन्यांनी नाही, आज, या नळापाशी, तोंडात डाव घेऊन.

आणि जो माणूस गेले कित्येक दिवस मरायला तयार बसला होता, तो दोन-दोन पायऱ्या गाळत जिना उतरून आला.

सलूनवाल्याचं मला आजही कौतुक वाटतं. त्याने एक प्रश्न विचारला नाही. मला मानेला धरून खुर्चीतून उठवलं, जबडेला बसवलं, डोकं मागे टेकवलं. "काका, नाकाने. नाकाने श्वास घ्या. माझ्याकडे बघा. मी किती लोकांचे गाल ओढतो दिवसभर? घाबरू नका." मग दाढीचं कोमट पाणी चमच्याने ओठाच्या कडेने आत सोडलं, अंगठा गालाच्या आत सरकवला आणि गाल बाहेर ओढून धरला. "आता गाल फुगवा. फुगवा, काका! बासरी वाजवताय असं समजा." आत कुठेतरी हवा शिरली. चप्प असा आवाज आला आणि मूठ सलूनवाल्याच्या हातात आली. प्लास्टरचे तीन तुकडे झाले. शेवटचा त्याने बोटाने काढला, थोडं रक्त आलं.

जबडे खोकला, थुंकला, खूप वेळ वाकून बसला. त्याची पाठ हलत होती. रडत होता की श्वास घेत होता, ते मी बघितलं नाही. हो, मीसुद्धा कधीकधी बघत नाही. मग त्याने हात पुढे केला, तिन्ही तुकडे घेतले, फडक्याने पुसले, आणि खुर्चीत बसल्या बसल्या एकमेकांना जोडून बघितले.

"माप मात्र सुरेख आलंय," तो म्हणाला. बोळक्या तोंडाने.

आम्ही दोघं हसलो. तो हसला नाही.

"काका, एवढी कसली घाई होती हो?" सलूनवाला म्हणाला. "डॉक्टर काय पळून चालले होते?"

"ते नाही चालले. मी चाललोय."

आणि मग त्याने सांगितलं. इस्पितळ, पोट, महिने. चार वाक्यं. आरशात तो स्वतःकडेच बघून सांगत होता आणि आम्ही दोघं त्याच्या मागे आरशात उभे. इतके दिवस ही गोष्ट त्याने कुणालाच सांगितली नव्हती.  माझ्या गालावरचा फेस वाळून खाज सुटली होती, पण हात उचलवेना.

सलूनवाल्याने नवा वस्तरा काढला. "दाढी करू का तुमची?" तो म्हणाला. "वाढलीय."

"कर."

दाढी चालू असताना जबडेने आरशातून माझ्याकडे बोट केलं. "आणि हे बघ बातमीदार, ताईला मी सांगणार. स्वतः. कवळी झाली की. तोवर तुझ्या तोंडून एक अक्षर बाहेर गेलं, तर तुझे किती दात माझे आहेत ते गल्लीला सांगेन."

सलूनवाल्याने चमकून माझ्याकडे बघितलं. असो.

त्यानंतर मी जे दिवस काढले ते माझं मला माहीत. पण एक झालं, त्याने खिडकी उघडी ठेवली. मी वर जाऊन बसायला लागलो. फळ्या बऱ्याचशा रिकाम्या झालेल्या, भिंतीवर जबड्यांच्या जागी धुळीच्या रेषा, आणि खिडकीशी तो मेणात दात मांडतोय. थकायचा, आडवा व्हायचा, उठून परत बसायचा. दुखायला लागलं की हातातलं खाली ठेवून डोळे मिटून घ्यायचा. मी तेव्हा काहीतरी बोलत राहायचो. तो ऐकत नसायचा हे मला कळायचं.

दात त्याने पिवळसर निवडले. लोक सगळे मोत्यासारखे मागतात, सत्तरीत विशीचे दात लावून फिरतात. याने कडा कानशीने घासल्या, झिजवल्या, आणि पुढचा एक दात शेजारच्यावर किंचित चढवला. त्याचा स्वतःचा तसा होता म्हणे, लहानपणी. उस्तादांनी तो सरळ करून टाकला होता.

मी बोलून गेलो, "अरे, एवढ्याशा दिवसांसाठी इतकी कलाकुसर कशाला?" बोललो आणि जीभ चावली.

तो भडकला नाही. "एवढ्याशा दिवसांसाठीच तर," तो म्हणाला. "आजवर केलेली प्रत्येक कवळी कधी ना कधी तक्रार घेऊन परत आली. सैल झाली, टोचते, अमुक तमुक. ही पहिली, जी परत यायची नाही." आणि मग फुंकर मारून घासलेला भुगा उडवत म्हणाला, "मी समजत होतो माझी तयारी झालीय. नुसती खोली झाडली होती रे. त्या दिवशी जिन्यात कळलं. एवढी भीती मला आई गेली तेव्हाही वाटली नव्हती. आता निदान ती भीती माझ्या ओळखीची तरी आहे."

पुढचं मी बघितलेलं नाही, त्याने सांगितलेलं आहे. मीठमसाला असलाच तर थोडा त्याचा, थोडा माझा.

रविवारी तो बसने ताईकडे गेला. तिने दार उघडलं, वरपासून खालपर्यंत बघितलं आणि म्हणाली, "आलास? मला वाटलं आता थेट माझ्या अंत्ययात्रेलाच येणार." ताईची व्यवस्था सगळी ठरलेली होती. कुणाला कळवायचं, कपाटाची किल्ली कुठे, शेजारणीला कुठली भांडी द्यायची, आणि हे सगळं करायचं याने. दर भेटीला ती त्याला पुन्हा पाठ म्हणायला लावायची.

त्याने बूट काढले, खुर्ची तिच्यासमोर ओढली, आणि एका दमात सांगितलं. "ताई, माझे आता फार दिवस नाहीत." 'फार' नीट आला. कवळी जागची हलली नाही.

तिचे हात मांडीवर. स्वयंपाकघरातला नळ ठिबकत होता, तो उठून घट्ट करून आला. परत बसला तरी ती तशीच.

"लहान असून रांगेत पुढे घुसायची तुझी सवय काही जात नाही," शेवटी ती म्हणाली. आवाज अगदी ठीक होता. फक्त मान एका बाजूला वळलेली, फोनवर पलीकडचं नीट ऐकू येत नसलं की वळायची तशी.

"या वेळी मी मुद्दाम नाही केलं."

"मग माझं कोण करणार?"

"शेजारीण करेल. तिला सगळं लिहून दे."

"ती मूर्ख आहे."

"आहे," तो म्हणाला. "पण आहे."

ती उठली, आत गेली, बराच वेळ आली नाही. भांड्यांचा आवाज नाही, काही नाही. तो बाहेर बसून राहिला. आत जावं का, असं त्याला वाटलं, पण ताईला रडताना कुणी बघितलेलं आवडत नाही हे त्याला लहानपणापासून माहीत होतं. इतक्या वर्षांत त्या दोघांनी एकमेकांना कधी मिठी मारली नव्हती, आणि आता ती कशी मारतात हे दोघांनाही ठाऊक नव्हतं. त्या दोन खोल्यांच्या मधलं दार तेवढं उघडं होतं.

ती बाहेर आली ती चेहरा धुऊन, टोस्टची बशी घेऊन. "चावून दाखव," म्हणाली. त्याने चावला. कडक, करकर आवाज करणारा. ती कान देऊन ऐकत होती.

"चांगली झालीय," ती म्हणाली. "तो दात चढवलास, बरं केलंस. त्या उस्तादाने तुझं तोंड दुसऱ्याच कुणाचं केलं होतं. इतकी वर्षं मी बोलले नाही." मग, "माझी पण खालची लागते रे. तू फोनच उचलेनास, सांगणार कुणाला?"

"काढ."

तिने काढून त्याच्या हातावर ठेवली. त्याने खिशातून कानस काढली. ती त्याच्या खिशात कायमच असायची. मग काय वाटलं कुणास ठाऊक, त्याने स्वतःचीही काढून बशीत ठेवली. दोघं म्हातारे, बोळकी तोंडं घेऊन, खिडकीच्या उजेडात समोरासमोर. तो घासतोय, ती बघतेय.

"भीती वाटते?" तिने विचारलं.

"वाटते. पण सारखी नाही. मधे मधे विसरतो."

"विसरलास की मला फोन कर."

"आणि आठवलं की?"

"तेव्हाही कर. मी काय, घरीच असते."

त्याने भुगा फुंकला, कवळी पेल्यातल्या पाण्यात बुचकळली आणि तिच्या हातात दिली. तिने घातली, दात एकमेकांवर टेकवले, तोंड वाकडं केलं.

"अजून लागते."

"कुठे?"

"डावीकडे. मागे."

"दे इकडे," तो म्हणाला, आणि खुर्ची उजेडाच्या आणखी जवळ ओढली.